सदसद्विवेकबुद्धीची हाक



“मला योग्य वाटले, म्हणून मी केले,” असे आपण सहज म्हणतो. परंतु मनाची आवड म्हणजे सदसद्विवेकबुद्धी नव्हे. ती मानवाच्या अंतःकरणातील पवित्र स्थान असून तेथे देवाची वाणी ऐकू येते, अशी शिकवण दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली दिली. भारतीय संविधानाच्या अनुच्छेद २५ नेही सदसद्विवेकबुद्धीचे स्वातंत्र्य मान्य केले आहे.

या संविधानाचे शिल्पकार डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९५० साली आपल्या शहरात महाविद्यालय स्थापन केले. तेच आजचे मिलिंद महाविद्यालय. त्यांनी १९३५ साली येवल्यात धर्मत्यागाची घोषणा केली. बौद्ध धम्माची दीक्षा मात्र १९५६ साली घेतली. मधली २१ वर्षे अभ्यासाची व चिंतनाची होती. हिंदू कोड बिल रखडले, तेव्हा १९५१ साली त्यांनी मंत्रिपद सोडले. त्यांचा धर्ममार्ग आपल्याहून निराळा. तरीही विवेकाला अभ्यास लागतो आणि त्याची किंमत मोजावी लागते, हे त्यांच्या जीवनातून आपण शिकावे.

विवेकही चुकू शकतो. म्हणून पवित्र शास्त्र, ख्रिस्तसभेची शिकवण, प्रार्थना व आत्मपरीक्षण यांनी त्याला वळण लावणे हे आपले कर्तव्य आहे. मतदानापूर्वी पैशाचे पाकीट दारी येते, विवाह ठरविताना जात विचारली जाते, तेव्हाच त्याची कसोटी लागते. आम्ही धर्मगुरू मार्ग दाखवू शकतो. निर्णय मात्र प्रत्येकाने देवासमोर उभे राहून स्वतःच घ्यावयाचा आहे.