'स्वतः' म्हणजे फक्त 'सेल्फ' नव्हे : आत्मवाचक सर्वनाम शिकवताना



सर्वनामाच्या प्रकारांत आपण 'आत्मवाचक सर्वनाम' शिकवतो. 'आपण' आणि 'स्वतः' ही त्याची उदाहरणं मुलांना पाठ असतात. पण इंग्रजीच्या तासाला तीच मुलं अडखळतात. कारण 'स्वतः = सेल्फ' एवढंच त्यांच्या डोक्यात बसलेलं असतं.

नेकनूरच्या शाळेतलं कुठलंही पोर पडलं, की ते म्हणणार, "सर, मला लागलं." या वाक्यात 'स्वतः' आहे का? नाही. इंग्रजीत मात्र 'आय हर्ट मायसेल्फ' असं म्हणतात. शब्दाला शब्द लावणारं मूल इथे 'मायसेल्फ' कुठून आणणार?

आता उलट बाजू पाहू. "आई बाळाला उठवते" आणि "आई उठते." मराठीत क्रियापदच बदललं. इंग्रजीत दोन्हीकडे 'वेक' हेच क्रियापद चालतं : 'मदर वेक्स द चाइल्ड', 'मदर वेक्स अप'. इथे 'हरसेल्फ' लागत नाही. स्पॅनिशमध्ये 'देस्पेर्तार' म्हणजे जागं करणं आणि 'देस्पेर्तार्से' म्हणजे जागं होणं. तिथे शेवटी 'से' जोडला की क्रिया कर्त्याकडे वळते. वाक्यात कर्त्याप्रमाणे त्याची रूपं बदलतात : माझ्यासाठी 'मे', तुझ्यासाठी 'ते', त्याच्या-तिच्यासाठी 'से'.

म्हणजे गोष्ट एकच, पण दाखवायची जागा वेगळी. स्पॅनिश ती क्रियापदाजवळच्या छोट्या शब्दात दाखवते. इंग्रजी 'मायसेल्फ'पासून 'देमसेल्व्ह्ज'पर्यंतच्या 8 सर्वनामांत दाखवते. मराठीत 'उठणे-उठवणे', 'अंघोळ करणे-अंघोळ घालणे' अशा जोड्या आहेत. शिवाय 'घेणे' आहेच : "लिहून घे" म्हणजे स्वतःसाठी, "लिहून दे" म्हणजे दुसऱ्यासाठी.

एका बाबतीत तर मराठी इंग्रजीपेक्षा स्पष्ट आहे. "रामने आपली वही श्यामला दिली." वही रामचीच. इंग्रजीत 'हिज नोटबुक' म्हटलं की वही कोणाची, हे मागच्या-पुढच्या वाक्यावरून ठरवावं लागतं. मुलांना हे जरूर दाखवा. आपली भाषा कमी नाही, हे त्यांना आपोआप कळेल.

वर्गात तीन प्रश्न विचारायला लावा :

1. काम कोणी केलं? आणि ते कोणावर झालं? दोघं एकच असतील, तर इंग्रजीत बहुधा 'सेल्फ' येईल. 'शी इंट्रोड्यूस्ड हरसेल्फ' म्हणजे तिने स्वतःची ओळख करून दिली.

2. क्रिया रोजची आहे का? उठणं, अंघोळ, कपडे घालणं यांना इंग्रजीत सहसा 'सेल्फ' लागत नाही.

3. 'सेल्फ' काढून वाक्य टिकतं का? "मी स्वतः बाजारात गेलो" यात 'स्वतः' काढला तरी वाक्य पूर्ण राहतं. तो फक्त जोर देण्यासाठी आहे. 'शी इंट्रोड्यूस्ड' मात्र अर्धवट वाटतं. तिथे 'हरसेल्फ' हवाच.

पालकांनो, घरी वेगळा अभ्यास नको. पोर सकाळपासून काय काय करतं, ते त्यालाच मराठीत सांगू द्या आणि प्रत्येक वाक्याला विचारा, "हे तू केलंस, पण कोणाला केलंस?" एवढ्या एका प्रश्नाने मूल शब्द सोडून अर्थ धरायला लागतं. मग भाषा इंग्रजी असो की स्पॅनिश, पाया पक्का राहतो.