प्रकाशा : घाटावरचे गाव आणि पांढरीखालचे गाव

नंदुरबारहून शहाद्याकडे जाताना तापी ओलांडली की प्रकाशा लागते. येथेच गोमाई तापीला मिळते. केदारेश्वर, पुष्पदंतेश्वर ही मंदिरे, दगडी घाट आणि गुरू सिंह राशीत आला की भरणारे सिंहस्थ पर्व यांमुळे हे गाव ‘दक्षिण काशी’ म्हणून ओळखले जाते. यात्रेकरू घाट पाहून परततो. या गावाचा अधिक जुना इतिहास मात्र संगमाजवळच्या टेकाडात आहे.

आपल्याकडे शेताला ‘काळी’ आणि गावठाणाला ‘पांढरी’ म्हणतात. पिढ्यान्‌पिढ्यांची चुलीची राख, पडलेल्या भिंतींची माती आणि फुटकी खापरे साचून पांढरीची उंची वाढत जाते. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे बी. के. थापर यांनी 1954-55 मध्ये प्रकाशाचे टेकाड शास्त्रशुद्ध पद्धतीने उकलले, तेव्हा वस्तीचे चार कालखंड समोर आले.

सर्वांत खालचा थर ताम्रपाषाणयुगाचा. त्यात माळव्याच्या शैलीची रंगीत भांडी आहेत, प्रवराकाठच्या जोर्वे गावावरून नाव पडलेली भांडी आहेत आणि गुजरातेत आढळणारी चकचकीत तांबडी भांडीही आहेत. साडेतीन हजार वर्षांपूर्वी तीन दिशांच्या कुंभारकलेची जेथे गाठ पडत होती, ते गाव आडवाटेचे खासच नव्हते. खापरावर ते कोणत्या जातीच्या घरातले हे लिहिलेले नसते. पुढे ज्या गावगाड्यात शिवेच्या वादात महाराची साक्ष मोलाची ठरे, त्याच गावगाड्यात त्याचे घर मात्र पांढरीबाहेर असे. म्हणून हा मूक पुरावा आपल्याला विशेष मोलाचा वाटतो.

त्यावरच्या थरात लोखंड येते आणि उत्तरेकडील काळ्या झिलईदार भांड्यांचे तुकडे येतात. ही भांडी गंगेच्या खोऱ्यातील, बुद्धकाळ व मौर्यकाळाशी निगडित. हे वाचून आपल्यापैकी अनेकांना येथे विहार असलाच पाहिजे असे म्हणण्याचा मोह होतो. पण खापरावरून दळणवळण सिद्ध होते, धम्म नव्हे. ‘द अनटचेबल्स’च्या 1948 च्या प्रस्तावनेत बाबासाहेबांनी गटेचा हवाला देऊन निश्चित काय व अनिश्चित काय हे वेगळे करण्याची जबाबदारी इतिहासकारावर टाकली आहे. दंतकथेला पुरावा मागायचा आणि स्वतःच्या इच्छेला मागायचा नाही, हे त्या शिस्तीत बसत नाही.

तिसरा थर सातवाहनकाळापासूनचा. चौथा सुमारे अकराव्या शतकापर्यंत येतो.

गावाचे महत्त्व ओसरले ते वाटा बदलल्यामुळे. सुरतेहून बुऱ्हाणपूरला जाणाऱ्या मोगलकालीन मार्गावर ताव्हेर्निए नंदुरबारचा उल्लेख करतो. विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर सुरत-भुसावळ लोहमार्ग झाला, तोही तापीच्या दक्षिणेकडून नंदुरबारमार्गे. 1 जुलै 1998 रोजी जिल्हा झाला आणि मुख्यालयही नंदुरबारलाच राहिले. उत्तर तीरावरच्या प्रकाशाकडे उरली ती मुख्यतः तीर्थक्षेत्राची ओळख.

पांढरीची माती राखेमुळे कसदार असते. म्हणून खानदेशातच नव्हे, सर्वत्र अशी टेकाडे गाड्या भरभरून शेतात गेली आहेत. मंदिराचा दगड हलला तर गाव जमते, टेकाड खचले तर कोणी विचारीत नाही. आपल्या शाळेतील मुले बहुतेक नदीकाठच्या आणि सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांतून येतात. पावसाळ्यानंतर घळीत एखादे रंगीत खापर दिसले, तर ते उचलून दप्तरात घालू नये. ते कोणत्या उंचीवर, कोणत्या मातीत रुतले आहे हे वहीत टिपून घ्यावे आणि इतिहासाच्या शिक्षकांना ती जागा दाखवावी. थरातून सुटलेले खापर काळाविषयी फारसे काही सांगत नाही.