पाथे : फितीचा व्यापारी आणि त्याची पेढी

१९०७ च्या उन्हाळ्यात पॅरिसच्या पाथे पेढीने आपल्या गिऱ्हाइकांना कळविले की, यापुढे फ्रान्समध्ये तिचे चित्रपट विकत मिळणार नाहीत; ते भाड्याने मिळतील, आणि तेही ज्या कंपन्यांना एकेका प्रांताचा मक्ता दिला आहे त्यांच्यामार्फत. तोवर चित्रपट हा ताग्यातल्या कापडासारखा मापून विकला जात असे. भाव मीटरमागे ठरे. कथा कोणती, भूमिका कोणाची, याने त्यात फारसा फरक पडत नसे, रंगीत प्रत असली तर काय तो भाव चढे. जत्रेजत्रेतून तंबू घेऊन हिंडणारे खेळवाले एकदा प्रत विकत घेत, ती चिंध्या होईपर्यंत दाखवीत, आणि चिंध्या होण्याच्या बेताला आली की दुसऱ्याच्या गळ्यात मारीत. आपल्याकडे अब्दुलअली युसुफअलींनी तंबू घेऊन जो व्यवसाय आरंभिला, तो याच जातीचा. अशा व्यवस्थेत नव्या चित्रपटाची निकड कोणालाच भासत नाही, आणि विकलेल्या मालावर निर्मात्याची सत्ता उरत नाही. पाथेच्या या एका फर्मानाने जत्रेचा खेळवाला मागे पडू लागला, कायमचे चित्रगृह पुढे सरसावले, आणि आठवड्याला कार्यक्रम बदलण्याची जी रीत पुढे जगभर रूढ झाली तिला फ्रान्समध्ये पक्का पाया मिळाला.

हे फर्मान काढणारा शार्ल पाथे कलावंत नव्हता, आणि संशोधकही नव्हता. १८६३ च्या डिसेंबरात पॅरिसच्या पूर्वेकडील एका खेड्यात, मांसविक्रीवर चरितार्थ चालविणाऱ्या कुटुंबात तो जन्मला. तरुणपणी नशीब काढण्यासाठी अर्जेंटिनाला गेला आणि रिकाम्या हातांनी परतला. १८९४ मध्ये एका जत्रेत त्याने एडिसनचा फोनोग्राफ ऐकला, आणि लोक कानाला नळ्या लावून ऐकण्यासाठी पैसे मोजतात हे पाहून उसनवारीने तसेच एक यंत्र मिळविले. जत्रांतून यंत्र वाजवावे, मग यंत्रेच विकावीत, मग लंडनहून आणलेली चित्रदर्शक यंत्रे विकावीत, मग आंरी जोली नावाच्या कारागिराकडून चित्रग्रहणाचा कॅमेरा करवून घ्यावा, अशा पायऱ्या चढत १८९६ च्या सप्टेंबरात भावांना भागीदार करून त्याने ‘पाथे फ्रॅर’ म्हणजे पाथे बंधू ही पेढी काढली. दोघे भाऊ लवकरच बाजूला झाले. एमिल राहिला आणि त्याने ध्वनियंत्रांचा विभाग सांभाळला. १८९७ मध्ये पॅरिसच्या धर्मादाय बाजारात चित्रपटाच्या खेळाच्या वेळी आग लागून शंभरावर माणसे, बहुतेक उच्चकुलीन स्त्रिया, जळून मेली आणि या नव्या करमणुकीचे नाव बदनाम झाले. त्याच वर्षाच्या अखेरीस क्लोद ग्रिव्होला या विद्युत्‌उपकरणांच्या कारखानदाराच्या पुढाकाराने पेढीला दहा लक्ष फ्रँकांचे भांडवल लाभले व तिचे रूपांतर मर्यादित कंपनीत झाले, हा योगायोग विलक्षणच म्हटला पाहिजे.

शार्लचा खरा माल कथा नव्हती, फीत होती, हे ध्यानात घेतल्यावाचून या पेढीचा इतिहास उलगडत नाही. चित्रे कशी काढावीत हे त्याने फर्दिनां झेक्कासारख्या हरहुन्नरी माणसावर सोपविले, विनोदाचा भार मॅक्स लिंडरवर टाकला, आणि आपण स्वतः मीटरांचा हिशेब मांडून बसला. अमेरिकेचा जॉर्ज ईस्टमन कोरी फीत पुरवीत असे, आणि जितके चित्रपट खपावेत तितका ईस्टमनचा गल्ला भरावा ही गोष्ट शार्लला सलत होती. म्हणून त्याने पॅरिसलगतच्या व्हॅन्सेनला स्वतःची फीत बनविण्याचा कारखाना उभारला. इतकेच नव्हे, तर झिजून परत आलेल्या जुन्या प्रतींवरचा चित्रांचा थर धुऊन काढून त्याच पट्टीवर नवा लेप चढविण्याची युक्तीही अंगीकारली. विकलेली प्रत परत येत नाही, भाड्याची येते. १९०७ च्या फर्मानाची ही दुसरी, कमी बोलली गेलेली बाजू.

या कारखान्यातील रंगविभाग मात्र सावकाश पाहण्यासारखा होता. पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीवर एका मीटरमध्ये सुमारे बावन्न चौकटी बसतात, आणि प्रत्येक चौकट जेमतेम टपालाच्या तिकिटाएवढी. रंग भरावयाचा तर प्रत्येक रंगासाठी एक स्वतंत्र प्रत घेऊन तिच्यातला नेमका तेवढा भाग कापून काढावा लागे: तांबड्यासाठी झगा, हिरव्यासाठी झाडे, अशा रीतीने. काचेवर मोठी करून पाडलेली चौकट पाहत कामगार स्त्री तिच्या कडेवरून एक दर्शक फिरवी; त्याच्याशी तरफांनी जोडलेली, विजेच्या जोरावर थरथरणारी सुई तीच आकृती लहान करून दुसऱ्या फितीवर कापीत जाई. अशी चौकटीमागून चौकट, हजारो वेळा. मग कापलेली साचाफीत व दाखवावयाची प्रत एकावर एक ठेवून, कडेच्या छिद्रांच्या आधाराने ती तंतोतंत जुळवून यंत्रातून सरकविली जाई, आणि रंगात भिजलेला मखमली पट्टा साच्याच्या छिद्रांतून रंग उतरवी. साचा एकदा कापला की त्यावरून कितीही प्रती रंगविता येत, आणि म्हणूनच हा खटाटोप परवडे; ज्या स्त्रियांच्या डोळ्यांवर तो उभा होता त्यांची नावे श्रेयनामावलीत नसत. ख्रिस्ताच्या जीवनावरील पाथेचा मोठा चित्रपट या रंगात देशोदेशी फिरला. आमच्या दादासाहेब फाळक्यांनी गिरगावात पाहिलेला ख्रिस्तपट हा याच युरोपीय ओघातला.

या विस्ताराची मोजदाद नकाशावर करावी लागते. मॉस्को, न्यूयॉर्क, बर्लिन, लंडन, कलकत्ता, जेथे बाजार तेथे पाथेचा मुखत्यार आणि पाथेचे कोंबड्याचे बोधचिन्ह. एमिलच्या विभागाची तबकडी सुरुवातीला आतून बाहेर वाजे आणि तिला पोलादी सुईऐवजी नीलमण्याची गोल टोकाची लेखणी लागे; कलकत्त्याच्या एच्. बोस यांनी आपली ध्वनिमुद्रणे पाथेच्या तबकड्यांवर काढली होती. १९०८ च्या सुमारास शार्लने चित्रवृत्त सुरू केले. वर्तमानपत्राप्रमाणे नियमाने निघणारे वृत्तचित्र ही कल्पना त्या पेढीचीच. १९१४ मध्ये अमेरिकी शाखेने काढलेल्या पर्ल व्हाइट या नटीच्या चित्रमालिकेने तर साहसपटांची एक परंपराच घालून दिली.

एका प्रकरणी मात्र या व्यापाऱ्याबद्दल माझे मन कलुषित होते. जॉर्ज मेलिएस हा रंगभूमीवरचा जादूगार, चित्रपटाला स्वप्नाची भाषा देणारा. पण त्याची सगळी गिऱ्हाइके जत्रेतली, त्यामुळे भाड्याच्या पद्धतीने तो आधीच खचला. १९११ मध्ये पाथेने त्याला पैसे पुरविले, तारण म्हणून त्याची मोंत्रय येथील स्टुडिओसह मिळकत घेतली, आणि त्याच्या चित्रपटांवर झेक्काची कात्री चालविण्याचा अधिकारही राखून ठेवला. चित्रे चालली नाहीत. महायुद्धामुळे जप्ती लांबली, पण १९२३ मध्ये स्टुडिओ हातचा गेला, आणि मेलिएसने संतापाने आपल्या मूळ फिती नष्ट केल्या. कागद पाथेच्या बाजूने होता यात शंका नाही. कागदाच्या पलीकडे पाहण्याची सवय त्या पेढीला नव्हती, इतकेच.

युद्धोत्तर काळात शार्लने केलेला निर्णय फ्रेंच टीकाकारांनी कधी क्षमेला पात्र मानला नाही. फ्रान्समधला प्रेक्षक अमेरिकेच्या मानाने थोडा, तेव्हा खर्चीक चित्रपट स्वदेशात वसूल होणार नाही, असे गणित करून त्याने साम्राज्य वाढविण्याऐवजी मोडून विकण्यास आरंभ केला. १९१८ मध्ये ध्वनियंत्रे एमिलकडे निराळी झाली. पुढे अमेरिकी शाखा गेली, परदेशांतली दप्तरे गेली, आणि १९२७ मध्ये फितीचा लाडका कारखाना ज्याच्याशी हयातभर झुंज घेतली त्या ईस्टमनच्या कोडॅकबरोबर एकत्र करण्यात आला. भागधारकांच्या पदरात पैसा पडला, आणि गणित म्हणून ते चूकही नव्हते. पण एका राष्ट्राचा चित्रव्यवसाय जमाखर्चाच्या वहीत मावत नाही, असे मला वाटते. या उतरंडीत एकच नवे रोपटे लागले: १९२२ चा ‘पाथे-बेबी’, घरगुती प्रक्षेपक. त्याची फीत साडेनऊ मिलिमीटरची, छिद्र कडेला नसून दोन चौकटींच्या मध्ये. त्यातही काटकसर पाहा. मूकपटातील मजकुराची पाटी वाचावयास वेळ लागतो, तेवढी फीत वाया जाते. म्हणून फितीच्या कडेला एक खाच पाडली, ती आली की यंत्र आपोआप थांबे आणि एखादीच चौकट काही सेकंद पडद्यावर उभी राही.

१९२९ मध्ये शार्लने कंपनी बॅर्नार नातां या रुमानियात जन्मलेल्या यहुदी निर्मात्याच्या हाती दिली आणि स्वतः मोंते कार्लोला जाऊन राहिला. तेथेच १९५७ च्या नाताळात, चौऱ्याण्णवाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, तो वारला. नातांने बोलपटासाठी स्टुडिओ व चित्रगृहे उभारली, पण मंदी व कर्ज यांखाली पेढीचे दिवाळे निघाले. १९३८ मध्ये अफरातफरीच्या आरोपावरून त्याला अटक झाली, वृत्तपत्रांनी त्याच्या धर्मावरून गरळ ओकले, आणि १९४२ मध्ये व्यापलेल्या फ्रान्समधून त्याची रवानगी ऑशविट्झला झाली, जेथून तो परतला नाही. पाथेचे नाव धारण करणारे प्रतिष्ठान आज पॅरिसच्या गोब्लॅं मार्गावर आहे: २०१४ मध्ये उघडलेली वास्तुविशारद रेंझो पियानोने रचलेली वास्तू, तळाशी मूकपटांचे छोटे चित्रगृह, आणि त्यात पियानोच्या साथीने चालणारे जुने खेळ. नातांच्या स्टुडिओंत निघालेले बोलपटही त्याच कोंबड्याच्या नावाने नोंदले गेले आहेत.