मेंदूच्या आजारावर औषध निघाले, पण कोणासाठी?

'मेंदूच्या आजारावर औषध सापडले' अशी बातमी वर्तमानपत्रात महिन्या-दोन महिन्यांनी येतेच. ज्या घरात अंथरुणाला खिळलेले लेकरू आहे, किंवा पोटच्या मुलाचे नाव विसरलेली आई आहे, त्या घरात ती बातमी कात्रीने कापून ठेवली जाते. बातमीत कंपनीचे नाव असते, अमेरिकेतल्या एखाद्या शहराचे नाव असते आणि शेवटी 'लवकरच उपलब्ध होणार' असे एक वाक्य असते. ते औषध कसे निघाले, त्याचा खरोखर किती उपयोग होतो आणि त्याची किंमत कोण ठरवतो, हे मात्र तिथे नसते. म्हणून आम्ही या वेळी एकाच कंपनीची हकिकत वाचकांपुढे ठेवतो आहोत. कंपनीचे नाव बायोजेन.

१९७८ साली स्वित्झर्लंडमधील जिनिव्हा येथे काही शास्त्रज्ञ आणि पैसा गुंतवणारे लोक एकत्र आले आणि त्यांनी ही कंपनी काढली. शास्त्रज्ञ साधेसुधे नव्हते. वॉल्टर गिल्बर्ट यांना १९८० साली रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले, तर फिलिप शार्प यांना १९९३ साली वैद्यकशास्त्राचे. एडिंबरोचे केनेथ मरे हेही त्यांत होते. आज आपल्या बाळांना सरकारी दवाखान्यात काविळीची म्हणजे हिपॅटायटिस बीची लस मिळते. त्या लसीच्या मुळाशी या मरेसाहेबांचे काम आहे. जिवंत पेशीत दुसऱ्याचे जनुक घालायचे आणि तिच्याकडून हवे ते प्रथिन बनवून घ्यायचे, ही विद्या तेव्हा अगदी नवी होती. यालाच जैवतंत्रज्ञान म्हणतात.

पुढे कंपनीचा मुक्काम अमेरिकेतील केंब्रिज या शहरी हलला आणि तिने मज्जातंतूंच्या आजारांवर लक्ष धरले. विजेच्या तारेवर जसे प्लॅस्टिकचे वेष्टण असते तसे मज्जातंतूंवरही असते. मल्टिपल स्क्लेरोसिस या आजारात शरीर स्वतःच ते कुरतडते. त्यावरचे या कंपनीचे इंजेक्शन १९९६ साली बाजारात आले आणि कंपनी श्रीमंत झाली. त्याच आजारावरचे दुसरे औषध नोव्हेंबर २००४ मध्ये मंजूर झाले. काही रुग्णांना त्यामुळे मेंदूचा दुर्मीळ, जीवघेणा संसर्ग झाला, म्हणून तीनच महिन्यांत ते मागे घ्यावे लागले. २००६ साली कडक देखरेखीच्या अटीवर ते परत आले. मेंदूचे औषध म्हणजे दुधारी हत्यार, हे तेव्हाच दिसले होते.

आता लेकरांच्या आजाराकडे येऊ.

स्पायनल मस्क्युलर अ‍ॅट्रॉफी, थोडक्यात एसएमए, हे नाव आता आपल्याकडेही कानावर पडू लागले आहे. बाळ जन्मते तेव्हा चांगले दिसते. मग दोन-चार महिन्यांत लक्षात येते की ते मान धरत नाही, पाय झाडत नाही, उचलले की कापडाच्या बाहुलीसारखे लोंबते. डोळे मात्र तरतरीत असतात. ते आईला ओळखते, हसते. पुढे गिळणे आणि श्वास घेणेही जड जाते. आजाराचा सर्वांत तीव्र प्रकार असेल आणि उपचार मिळाले नाहीत, तर बहुतेक बाळे दोन वर्षांच्या आत दगावतात.

कारण असे आहे. स्नायू हलवण्याचा हुकूम मज्जारज्जूतल्या पेशी देतात. त्या पेशी जगायला एक प्रथिन लागते. ते बनवण्याची कृती ज्या जनुकात लिहिलेली असते ते जनुक या बाळांत नसते किंवा बिघडलेले असते. १९९५ साली फ्रान्समधील संशोधकांनी ते शोधून काढले. त्यांना आणखी एक गोष्ट दिसली. माणसाजवळ त्याच जनुकाची जवळपास तशीच दुसरी प्रत असते. पण त्या प्रतीत एका अक्षराचा फरक असल्याने कृती वाचताना पेशी एक तुकडा गाळते. शिंप्याने सगळे कापड बेतले पण बाही जोडायचीच राहून गेली, तसे हे प्रथिन बहुतेक अर्धवट निघते.

न्यूयॉर्कजवळच्या कोल्ड स्प्रिंग हार्बर प्रयोगशाळेतील एड्रियन क्रेनर यांनी विचार केला, की पेशीला तो तुकडा गाळूच दिला नाही तर? मॅसॅच्युसेट्स विद्यापीठात रवींद्र सिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ साली औषधाने नेमके कुठे चिकटायचे ती जागा दाखवली. आयोनिस या कंपनीने औषधाचा रेणू घडवला आणि बायोजेनने ते बाजारात आणले. २३ डिसेंबर २०१६ रोजी अमेरिकेत मंजूर झालेले हे नुसिनर्सेन एसएमएवरचे पहिले औषध. ते कमरेतून मणक्याच्या पाण्यात टोचतात. पहिल्या दोन महिन्यांत चार वेळा, मग दर चार महिन्यांनी, जन्मभर.

आणि औषध खरोखर चालले. चाचणीत औषध मिळालेल्या आजारी बाळांपैकी ५१ टक्के बाळांनी मान धरणे, कुशीवर वळणे, बसणे यांत प्रगती दाखवली. ज्यांना औषध दिले नव्हते त्यांच्यात असे एकही बाळ नव्हते. दुसऱ्या एका अभ्यासात लक्षणे दिसण्याआधीच २५ बाळांना औषध सुरू केले. तीन वर्षांच्या सुमारास तपासले तेव्हा सगळी जिवंत होती आणि त्यांतली २२ आपल्या पायांनी चालत होती. ज्या आजारात आईबापांना 'घरी घेऊन जा' एवढेच सांगितले जाई, त्या आजारात हे घडले. विज्ञानाचे एवढे मोठे काम आम्ही तरी क्वचितच पाहिले आहे.

मग किंमत जाहीर झाली. एका इंजेक्शनला सव्वा लाख डॉलर. पहिल्या वर्षी साडेसात लाख डॉलर, म्हणजे त्या वेळच्या हिशेबाने सुमारे पाच कोटी रुपये. नंतर दर वर्षी त्याच्या निम्मे.

संशोधनाला खर्च येतो, दहा औषधांतले एखादेच यशस्वी होते, हे कंपन्यांचे म्हणणे खोटे नाही. पण या औषधाच्या मुळाशी जे संशोधन झाले त्यात अमेरिकी सरकारचा, म्हणजे तिथल्या कर भरणाऱ्या जनतेचाही पैसा होता. आजारी मुलांच्या आईबापांनी संस्था काढून जमवलेल्या देणग्याही होत्या. ज्यांनी बी पेरायला पैसे दिले त्यांनाच पीक सोन्याच्या भावाने विकले गेले, असे आम्हाला वाटते.

इथे घरातली एक गोष्ट बोलून घेतो. असे मूल झाले की आपल्याकडे पहिले बोट सुनेकडे जाते. 'हिच्या माहेरचेच खोटे', 'गरोदरपणात ग्रहण पाळले नाही', अशी कुजबुज सुरू होते. नवस-गंडेदोरे सोडलेल्या घरांतूनही ही कुजबुज सुटलेली नाही. एसएमएमध्ये जवळपास नेहमीच आई आणि बाप दोघांकडून एकेक बिघडलेले जनुक आलेले असते. दोघेही स्वतः धडधाकट असतात. अशा जोडप्याच्या प्रत्येक बाळंतपणात चारांत एक अशी आजाराची शक्यता असते. मामाच्या मुलीशी लग्न केले की असे बिघडलेले जनुक दोन्हीकडून येण्याची शक्यता वाढते, पण नात्याबाहेरच्या लग्नातही ते घडते. दोष द्यायचाच तर अर्धा बापाच्या वाट्याला आहे, आणि खरे तर कोणाच्याच नाही.

बायोजेनचे दुसरे औषध म्हाताऱ्या माणसांसाठी होते आणि त्याची कथा अगदी उलटी आहे. अल्झायमर या आजारात मेंदूत अमायलॉइड नावाचे प्रथिन साचते आणि माणूस विसरत जातो. ते प्रथिन धुऊन काढले तर विसरणे थांबेल, या आशेवर अ‍ॅड्युकानुमॅब बनवले. मार्च २०१९ मध्ये कंपनीनेच 'उपयोग दिसत नाही' म्हणून दोन्ही मोठ्या चाचण्या थांबवल्या. ऑक्टोबरमध्ये तीच कंपनी म्हणाली, की आकडे पुन्हा पाहिले, एका चाचणीत मोठ्या मात्रेचा थोडा फायदा दिसतो. दुसऱ्या चाचणीत तो दिसत नव्हता. नोव्हेंबर २०२० मध्ये अमेरिकी सरकारच्या तज्ज्ञ समितीला विचारले, की हा पुरेसा पुरावा मानायचा का? दहा जणांनी नाही म्हटले, एकाने 'सांगता येत नाही' म्हटले. हो म्हणणारा एकही नव्हता. तरीही ७ जून २०२१ रोजी औषध मंजूर झाले! समितीतल्या तिघांनी राजीनामे दिले. कंपनीने किंमत लावली वर्षाला ५६ हजार डॉलर, म्हणजे चाळीस लाख रुपयांच्या वर. मोठी मात्रा घेतलेल्या सुमारे ४० टक्के रुग्णांच्या मेंदूच्या तपासणीत सूज किंवा बारीक रक्तस्राव दिसला होता.

ओरड झाल्यावर किंमत जवळजवळ निम्मी केली गेली. अमेरिकेच्या सरकारी विम्यानेही फक्त चाचणीतल्या रुग्णांसाठीच पैसे देऊ असे ठरवले, आणि जानेवारी २०२४ मध्ये कंपनीने औषध गुंडाळत असल्याचे जाहीर केले. मधल्या काळात जपानच्या एसाय कंपनीबरोबरचे लेकानेमॅब हे भावंड औषध २०२३ साली मंजूर झाले होते. त्याचा पुरावा जास्त भक्कम आहे. १,७९५ रुग्णांच्या चाचणीत दीड वर्षात ऱ्हासाचा वेग २७ टक्क्यांनी कमी झाला. ऐकायला हे मोठे वाटते. पण ज्या मापाने मोजले ते १८ गुणांचे, आणि औषध घेणारा व न घेणारा यांच्यातला फरक अर्ध्या गुणाहूनही कमी. गेलेली आठवण परत येत नाही. घसरण थोडी सावकाश होते, तीही आजाराच्या अगदी सुरुवातीला औषध दिले तरच. मेंदूला सूज येण्याचा धोका इथेही आहेच.

मग आपल्या चाळीतल्या, वस्तीतल्या आजीने काय करायचे? भारतात साठीपुढच्या शंभर माणसांमागे सुमारे सात जणांना स्मृतिभ्रंश असावा, असा अंदाज २०२३ साली प्रसिद्ध झाला. पुरुषांपेक्षा बायकांत, शहरापेक्षा खेड्यात आणि शिकलेल्यांपेक्षा न शिकलेल्यांत तो जास्त आढळला. ज्यांना शाळेचा उंबरठा ओलांडू दिला गेला नाही त्यांच्या म्हातारपणापर्यंत ते नुकसान पोहोचते. जगातल्या तज्ज्ञांच्या एका मंडळाने २०२४ साली चौदा कारणे मोजली. ती आयुष्यभर सांभाळली तर जवळपास निम्मे स्मृतिभ्रंश टळू शकतील किंवा लांबतील, असे त्यांचे म्हणणे आहे. त्यांत लहानपणी शिक्षण न मिळणे आहे, रक्तदाब, मधुमेह, विडी-सिगारेट आहे, आणि बहिरेपणही आहे. गिरणीत साच्यांच्या खडखडाटात ज्यांनी उमेदीची वर्षे काढली त्यांचे कान कसे झाले आहेत, हे त्यांच्या घरच्यांना विचारावे! कानाचे यंत्र आणि रक्तदाबाची गोळी यांची बातमी होत नाही, एवढेच.

आणि 'म्हातारचळ लागला' म्हणून सोडून देऊ नका. थायरॉइडचा बिघाड, बी-१२ जीवनसत्त्वाची कमतरता, उदासीनतेचा आजार, पडल्यावर डोक्यात साचलेले रक्त, यांनीही माणूस विसरू लागतो. त्यावर उपचार आहेत. रक्ताची तपासणी आणि डोक्याचा स्कॅन सरकारी रुग्णालयात होतो.

पुन्हा लेकरांच्या औषधाकडे. २०२१ साली मुंबईतल्या एका पाच महिन्यांच्या मुलीसाठी दुसऱ्या कंपनीचे एसएमएवरचे एकाच मात्रेचे औषध आणायला लोकांनी वर्गणी करून सोळा कोटींच्या घरात रक्कम जमवली आणि केंद्र सरकारने सुमारे सहा कोटींचा कर माफ केला. लोकांच्या मनाचा तो मोठेपणा होता. पण ज्या बाळाचा बाप नाक्यावर उभा राहून रोजचे काम शोधतो, त्याच्यासाठी सोळा कोटी कोण जमवणार?

खरा फरक न्यायालयात पडला. एसएमएवर तोंडावाटे घ्यायचे रिसडिप्लाम हे रोश कंपनीचे औषध आहे. त्याची एक बाटली आपल्याकडे सहा लाख रुपयांच्या आसपास होती. हैदराबादच्या नॅटको कंपनीला तेच औषध करायचे होते. रोशने पेटंटचा आधार घेऊन दिल्ली उच्च न्यायालयात मनाईहुकूम मागितला. रुग्णही आपली बाजू मांडायला न्यायालयात उभे राहिले. पेटंट सकृद्दर्शनी टिकणारे दिसत नाही, असे म्हणून मार्च २०२५ मध्ये न्यायालयाने मनाई नाकारली. ९ ऑक्टोबरला खंडपीठाने अपील फेटाळले आणि त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही हस्तक्षेप केला नाही. नॅटकोने लावलेली किंमत बाटलीला १५,९०० रुपये.

सहा लाखांचे सोळा हजार झाले! पण हिशेब पुरा करू. वीस किलोच्या वरच्या रुग्णाला रोज ५ मिलिग्रॅम लागते आणि बाटलीत ६० मिलिग्रॅम असते. म्हणजे वर्षाला तीसेक बाटल्या, पावणेपाच लाख रुपये, महिन्याला चाळीस हजार. लहान बाळाला कमी लागते. हातावर पोट असणाऱ्या घराला हेही परवडणारे नाही, आणि औषध जन्मभर घ्यायचे आहे.

दुर्मीळ आजारांसाठी केंद्र सरकारचे धोरण २०२१ साली झाले आणि मदतीची मर्यादा २०२२ मध्ये एका रुग्णाला ५० लाख रुपयांपर्यंत वाढवली गेली. ही मदत ठरावीक रुग्णालयांतूनच मिळते. मुंबईत परळचे केईएम हे त्यांतले एक. बाळ चार महिन्यांचे होऊनही मान धरत नसेल तर 'उशिरा धरेल' म्हणत थांबू नये. बालरोगतज्ज्ञांकडे एसएमएच्या जनुक तपासणीविषयी स्पष्ट विचारावे. साध्या रक्तावर ती होते. अहवाल आला की मूळ प्रत जपून ठेवावी आणि झेरॉक्स घेऊन त्या रुग्णालयात नाव नोंदवावे. घरात आधी असे मूल झाले असेल तर पुढच्या खेपेला दिवस राहण्याआधीच नवरा-बायको दोघांनी तपासून घ्यावे, आणि दिवस राहिलेच असतील तर तिसरा महिना संपायच्या आत डॉक्टरांना सांगावे. त्या सुमारास पोटातल्या बाळाची तपासणी करता येते.