विश्लेषण : कोयनेचे पाणी विजेला की शेतीला? एका टीएमसीचा हिशेब नेमका कसा मांडायचा?

पाऊस चांगला झाला की कोयना धरण भरल्याची बातमी येते आणि पाण्याचा विषय मागे पडतो. पाऊस कमी झाला की तोच विषय थेट वादावर जातो. २०२३ मध्ये धरण पूर्ण भरले नाही. त्याच हिवाळ्यात सांगली जिल्ह्यातून कोयनेचे पाणी सोडण्याची मागणी जोर धरू लागली आणि सातारा-सांगलीतील नेत्यांमध्ये शाब्दिक चकमकी झडल्या. धरण एक, पण त्यावर हक्क सांगणारे अनेक. या पाण्याचे व्यवस्थापन नेमके कसे चालते, ते समजून घेऊ.

धरणात पाणी किती आणि ते जाते कुठे?

पाटण तालुक्यातील कोयनानगर येथील या धरणाच्या शिवसागर जलाशयाची साठवण क्षमता १०५.२५ टीएमसी आहे. एक टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट, अर्थात सुमारे २,८३२ कोटी लिटर पाणी. मृतसाठा वगळता सुमारे १०० टीएमसी पाणी वापरता येते.

या पाण्याला दोन वाटा आहेत. पहिली पश्चिमेची. सह्याद्रीच्या पोटातील बोगद्यांतून पाणी कोकणाच्या बाजूला उतरते, वीज तयार करते आणि पुढे वाशिष्ठी नदीला मिळते. दुसरी पूर्वेची. धरणाच्या पायथ्यापासून कोयना नदी वाहते, कराडच्या प्रीतिसंगमावर कृष्णेला मिळते आणि सांगलीकडे जाते. पश्चिमेला गेलेले पाणी पुन्हा कृष्णा खोऱ्यात येत नाही. वादाचे मूळ इथेच आहे.

पश्चिमेकडे पाणी वळवण्यावर मर्यादा आहे का?

आहे. कृष्णा पाणी तंटा लवादाने, म्हणजे बच्छावत लवादाने, वीजनिर्मितीसाठी पश्चिमेकडे वळवायच्या पाण्यावर वर्षाला ६७.५ टीएमसीची मर्यादा घातली. हे वर्ष १ जूनला सुरू होते आणि ३१ मे रोजी संपते. उरलेले पाणी पूर्वेकडील सिंचन आणि पिण्यासाठी राहते. चांगल्या पावसाच्या वर्षी दोन्ही बाजूंचे भागते. धरण भरले नाही, तर तूट कोणी सोसायची हा प्रश्न उभा राहतो.

विजेसाठी कोयना इतकी महत्त्वाची का?

प्रकल्पाची स्थापित क्षमता १,९६० मेगावॉट आहे. त्यातील १,००० मेगावॉट एकट्या चौथ्या टप्प्याचे आहेत. पण आकड्यापेक्षा महत्त्वाचा आहे तो वेग. औष्णिक संच थंड असेल तर पूर्ण भारावर यायला काही तास लागतात, जलविद्युत संच काही मिनिटांत सुरू होतो. संध्याकाळी घराघरांत दिवे-पंखे सुरू होऊन मागणी उसळते, तेव्हा कोयनाच धावून येते.

या टप्प्यासाठी अभियंत्यांनी वापरलेले तंत्रही वेगळे होते. जलाशय रिकामा न करता त्याच्या तळाखालून बोगदा नेला आणि शेवटचा खडक स्फोटाने उडवून पाणी आत घेतले. याला ‘लेक टॅपिंग’ म्हणतात. पहिले १३ मार्च १९९९ रोजी झाले, दुसरे २५ एप्रिल २०१२ रोजी. दुसऱ्यामुळे जलाशयाची पातळी बरीच खाली गेल्यावरही वीजनिर्मिती सुरू ठेवणे शक्य झाले.

एक टीएमसी पाण्याची ‘किंमत’ किती?

ढोबळ हिशेब करून पाहू. पश्चिमेकडे पाणी साधारण पावणेपाचशे मीटर खाली कोसळते. संचांची कार्यक्षमता धरली, तर एका टीएमसीतून तीन कोटी युनिटहून अधिक वीज मिळते.

तेच पाणी पूर्वेकडे सोडले, तर धरणाच्या पायथ्याशी ४० मेगावॉटचे वीजगृह आहे. ते पूर्ण क्षमतेने चालते तेव्हा नदीत २,१०० क्युसेक पाणी येते. या वेगाने एक टीएमसी सोडायला साडेपाच दिवस लागतात आणि सुमारे ५० लाख युनिट वीज मिळते. म्हणजे विजेच्या हिशेबात पूर्वेचा टीएमसी पश्चिमेच्या सहाव्या हिश्श्याचाच.

हिशेब इथे संपत नाही. कृष्णेवरील टेंभू, ताकारी आणि म्हैसाळ या उपसा योजना हे पाणी पंपाने वर चढवून कडेगाव, खानापूर, आटपाडी, कवठेमहांकाळ, जत अशा कोरडवाहू भागांत नेतात. एक टीएमसी पाणी १०० मीटर उचलायला साधारण एक कोटी युनिट वीज लागते.

मग पाणी पूर्वेला द्यायचेच कशाला? कारण विजेला पर्याय आहे, पाण्याला नाही. वीज कोळशातून, वाऱ्यातून, उन्हातून मिळते. आटपाडीच्या डाळिंबाला आणि जतमधील जनावरांना मात्र पाणीच लागते.

निर्णय कोण घेते?

धरण जलसंपदा विभागाचे, वीजनिर्मिती महानिर्मितीची, वीज वापरणारी महावितरण. संच कधी चालवायचे याचा ताळमेळ कळव्याचे राज्य भार प्रेषण केंद्र घालते. सिंचनाची आवर्तने कालवा सल्लागार समितीच्या बैठकीत ठरतात. प्रत्येकाचे उद्दिष्ट वेगळे आहे. वीज कंपनीला पाणी संध्याकाळसाठी राखायचे असते, सिंचनाला ते उन्हाळ्यापर्यंत पुरवायचे असते. पूरनियंत्रणासाठी तर पावसाळ्यात धरणात जागा मोकळी ठेवावी लागते. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीत आयर्विन पुलाजवळ कृष्णेची पातळी ५७ फुटांवर गेली, तेव्हा ही तिसरी गरज किती मोठी आहे ते दिसले.

पाणी आल्यावर वाटप कसे होते?

उपसा योजनांच्या वीजबिलात ८१ टक्के वाटा सरकारचा आणि १९ टक्के शेतकऱ्यांचा, असे सूत्र आहे. हा १९ टक्क्यांचा वाटा वेळेवर जमा झाला नाही की थकबाकी वाढते, पंप थांबतात आणि ज्यांनी पैसे भरले त्यांचीही पिके वाळतात. म्हणून लाभक्षेत्रातील पाणीवापर संस्था महत्त्वाच्या ठरतात. २००५ च्या कायद्याने या संस्थांना पाणी मोजून घेण्याचा आणि आपसांत वाटण्याचा अधिकार दिला.

सांगली जिल्ह्याला या विचाराची जुनी परंपरा आहे. खानापूर तालुक्यात येरळा नदीवर बलवडी आणि तांदूळवाडीच्या शेतकऱ्यांनी १९८० च्या दशकात बळीराजा धरण उभारायला घेतले. नदीतील वाळू मर्यादित प्रमाणात विकून निधीचा मोठा भाग उभा केला. पाण्याचा समान हक्क प्रत्येक कुटुंबाला दिला, भूमिहीनांनाही. उसाला मात्र पाणी द्यायचे नाही, असे ठरवले. नागनाथअण्णा नायकवडी, भारत पाटणकर यांच्या नेतृत्वाखाली आटपाडीच्या चळवळीने पुढे समन्यायी पाणीवाटपाची हीच मागणी टेंभूसाठी लावून धरली.

पुढे मार्ग काय?

एक मार्ग उन्हातून जातो. पंप दिवसा सौरऊर्जेवर चालवले, तर वीजबिल कमी होईल. दिवसा ग्रिडला सौर वीज मिळत असल्याने कोयनेचे पश्चिमेकडील पाणी फक्त संध्याकाळच्या मागणीसाठी राखता येईल. म्हैसाळ योजनेसाठी सौर प्रकल्पाची आखणी याच दिशेने आहे.

दुसरा मार्ग कराराचा. धरण ९० टीएमसीपर्यंतच भरले, तर विजेचे किती कमी करायचे आणि सिंचनाचे किती, याचे कोष्टक ऑक्टोबरमध्येच जाहीर झाले, तर शेतकरी त्यानुसार पीक निवडेल. आज तो आधी ऊस लावतो आणि मग आवर्तनाची वाट पाहतो.

या सगळ्या हिशेबात एक रकाना मात्र अजून रिकामा आहे. ज्यांच्या जमिनी जलाशयाखाली गेल्या, त्यातील अनेक कुटुंबे साठ वर्षांनंतरही पूर्ण पुनर्वसनासाठी आंदोलन करत आली आहेत. कोयनेच्या पाण्याचा ताळेबंद त्यांच्या देण्याशिवाय जुळणार नाही.