गोष्ट तीच, गाणारे वेगळे

मुक्ताईनगर, म्हणजे पूर्वीचे एदलाबाद, हा तालुका खानदेशच्या पूर्व टोकाला असून एका बाजूने विदर्भातला बुलढाणा जिल्हा आणि दुसऱ्या बाजूने मध्य प्रदेशातला बऱ्हाणपूरचा मुलूख त्याला लागून असल्यामुळे लेवा गणबोली, वऱ्हाडी आणि निमाडी या बोलींची जशी तिथे सरमिसळ होते, तशीच ती गाण्यांचीही होते. श्रावणात कानबाईच्या जागरणाची गाणी, भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत गुलाबाईची गाणी, आखाजीला माहेरी आलेल्या लेकींची झोक्यावरची गाणी, डफावर गायली जाणारी वही आणि जात्यावरच्या ओव्या असा हा साठा आहे. त्यांपैकी ज्या गाण्यांत एखादी घटना किंवा गोष्ट क्रमाने सांगितलेली असते, त्यांना लोकसाहित्याचे अभ्यासक ‘कथागीत’ म्हणतात. अशा गीताचा कर्ता बहुधा अज्ञात असतो, ते तोंडोतोंडी चालत आलेले असते आणि त्यातल्या ठरावीक ओळी फिरून फिरून येत असतात.

मराठीत कथागीतांचा अभ्यास सुरू झाला तो पोवाड्यापासून, आणि त्यामुळे तो बराच काळ एकाच अंगाने वाढला. हॅरी आर्बथनॉट अ‍ॅकवर्थ या मुंबईतल्या इंग्रज अधिकाऱ्याने शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्या साहाय्याने पोवाडे जमवले, त्यांचा संग्रह १८९१ मध्ये निघाला, आणि पुढे य. न. केळकर यांनी ऐतिहासिक पोवाड्यांचे खंड संपादित केले. या मंडळींची मुख्य चिंता पोवाड्यात खरे किती आणि रचलेले किती, ही होती. अफझलखानाच्या वधावरचा अज्ञानदासाचा पोवाडा घटनेच्या जवळच्या काळातला म्हणून तो साधन ठरला. उलट तानाजीवरच्या तुळशीदासाच्या पोवाड्यातली घोरपड इतिहासकारांनी नाकारली, कारण तिला समकालीन कागदपत्रांत आधार मिळत नाही. इतिहासाच्या दृष्टीने हे रास्तच होते. तथापि कागदात नसलेली ही घोरपड साऱ्या महाराष्ट्राच्या तोंडी का राहिली, हा प्रश्न त्या चाळणीतून गळून पडला, आणि कथागीताचा सांस्कृतिक अर्थ शोधायचा तर तो नेमका याच प्रश्नापासून शोधावा लागतो. जोतीराव फुले यांनी १८६९ मध्ये शिवाजी महाराजांवर पोवाडा रचला, तेव्हा त्यांनी महाराजांना शेतकऱ्यांचा राजा म्हणून उभे केले. नायक तोच असला, तरी गाणारा बदलला की गोष्टीचा रोख बदलतो, याचे याहून स्पष्ट उदाहरण मराठीत क्वचितच सापडेल.

पोवाडा पुरुषांचा, चौकातला आणि बक्षिसाचा. घरातल्या कथागीतांकडे अभ्यासकांचे लक्ष उशिरा गेले. अमळनेरला शिक्षक असलेल्या साने गुरुजींनी बायकांच्या ओव्या जमवून ‘स्त्री जीवन’ या नावाने प्रसिद्ध केल्या, सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या द्वारे गावोगावची गाणी छापून आणली, आणि पुढे गी पॉइटवँ व हेमा राईरकर यांच्या प्रयत्नाने जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या नोंदल्या गेल्या. या कामामुळे एक गोष्ट ध्यानात आली, ती अशी की, बायकांच्या कथागीतांत लढाई नसते, पण सत्तेचा प्रश्न पोवाड्याइतकाच रोखठोक असतो.

गुलाबाईची गाणी या दृष्टीने पाहण्याजोगी आहेत. विदर्भात जिला भुलाबाई म्हणतात, तीच खानदेशातली गुलाबाई. शंकर-पार्वतीच्या या लोकरूपाच्या मातीच्या मूर्ती घरात मांडून मुली महिनाभर घरोघर टिपऱ्यांवर गाणी म्हणतात आणि शेवटी झाकून ठेवलेला खाऊ ओळखतात. भुलाबाई, भोंडला आणि हादगा या सर्वांत आढळणारे एक कथागीत असे आहे: सून माहेरी जाण्याची परवानगी मागते, तर सासू तिला आधी कारल्याचे बी पेरायला सांगते, बी पेरून झाले की वेल वाढू दे, वेल वाढला की फूल येऊ दे, मग कारले लागू दे, मग त्याची भाजी कर, असे एकेक निमित्त पुढे येत राहते. सुनेची विनवणी प्रत्येक कडव्यात त्याच शब्दांत परत येते आणि सासूचे उत्तर मात्र एक पायरी पुढे सरकते. वाचताना ही पुनरुक्ती कंटाळवाणी वाटते, म्हणून छापील संग्रहांत ती पुष्कळदा गाळून त्या जागी टिंबे देतात; परंतु ताटकळणे हाच या गाण्याचा विषय असल्यामुळे पुनरुक्ती काढली की गोष्टच निघून जाते. शिवाय हे गाणे ज्या मुली म्हणतात त्यांना अजून सासर ठाऊक नसते. खेळ म्हणून जे पाठ होते, त्यात सासरच्या नात्यांची, तिथल्या उतरंडीची आणि त्या उतरंडीवर हसण्याचीही तयारी होऊन जाते, आणि ही हसण्याची मुभा त्या शिकवणीइतकीच महत्त्वाची मानली पाहिजे.

मुक्ताईच्या कथांना या भागात निराळेच वजन आहे. तापीकाठी मेहूण येथे १२९७ मध्ये ती विजेच्या कडकडाटात गुप्त झाली, अशी परंपरा आहे. तापी-पूर्णेच्या संगमावरचे चांगदेव गाव तिच्या थोर शिष्याचे नाव सांगते, आणि आषाढीला तिची पालखी इथूनच पंढरपूरला निघते. वाघावर बसून आलेला चांगदेव व चाललेली भिंत, किंवा विसोबाने कुंभाराकडून खापर मिळू न दिल्यामुळे ज्ञानेश्वरांच्या पाठीवर भाजलेले मांडे, या कथा महाराष्ट्रभर गायल्या जातात. मांड्यांची कथा मात्र खानदेशात वेगळी लागू पडते, कारण पुरणाचे मांडे उपड्या खापरावर भाजण्याची रीत इथे आजही आहे, आणि खापर अडवणे म्हणजे घरचा सणच अडवणे, हे इथल्या श्रोत्याला समजावून सांगावे लागत नाही. वाळीत टाकलेल्या चार भावंडांपैकी चूल सांभाळणारी मुलगी पुढे वयोवृद्ध योग्याची गुरू होते, हा या कथेतला उलटफेर बायकांना जवळचा का वाटतो, याचे उत्तर तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांपेक्षा त्या खापरात अधिक सापडते.

एकाच कथेची इतकी रूपे असताना मूळ पाठ कोणता, हा प्रश्न जुन्या अभ्यासाला छळत असे. फ्रान्सिस चाइल्ड या अमेरिकन प्राध्यापकाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लिश व स्कॉटिश कथागीतांचे ३०५ प्रकार क्रमांक देऊन छापले, तेव्हा त्यांची पाठांतरेही शेजारीशेजारी दिली. नंतर मिलमन पॅरी आणि अल्बर्ट लॉर्ड यांनी युगोस्लाव्हियातल्या गायकांचा अभ्यास करून असे दाखवले की, गायक पाठ केलेले म्हणत नाही, तर तयार पदबंधांच्या आधारे दर वेळी गीत नव्याने बांधतो. ओवीलाही हे बऱ्याच अंशी लागू पडते. पहिला चरण अनेकींच्या तोंडी सारखाच असतो, आणि गाणारीचे स्वतःचे सुखदुःख पुढच्या चरणांत येते. बहिणाबाई चौधरींची कविता याच ओवीच्या वळणातून आली. मुलगा सोपानदेव आणि इतरांनी ती टिपून ठेवली नसती, तर १९५२ चा तो संग्रह निघालाच नसता.

टिपून ठेवण्याचीही किंमत द्यावी लागते. पिठाच्या गिरण्या आल्या आणि ओवीची पहाटेची वेळ गेली. गाणे आठवते, परंतु दळण नसल्यामुळे त्याची लय हात विसरले. संग्राहकाने बोलीतले उच्चार प्रमाण मराठीकडे वळवले, तर लेवा गणबोलीतले गाणे आणि अहिराणीतले गाणे कागदावर सारखेच दिसू लागते. गुलाबाईची गाणी आता स्पर्धांच्या रंगमंचावरही होतात, त्यामुळे शहरातल्या मुलींना ती माहीत होतात ही जमेची बाजू आहे. पण तिथे पथकाला ठरलेल्या वेळेत गाणे संपवावे लागते, आणि कात्री लागते ती बहुधा सुनेने पुन्हा पुन्हा मागितलेल्या त्या परवानगीलाच.