शहराच्या पोटात उतरलेला कॅमेरा

भद्रावतीच्या माणसाला जमिनीच्या पोटातले जग नवे नाही. विजासनच्या टेकडीत कोरलेली लेणी त्याने लहानपणापासून पाहिलेली असतात. माजरीकडे गेले की कोळशाच्या खाणी आहेत. खाणीवर गेलेला माणूस पाळी संपवून परत येईपर्यंत घरच्यांचे चित्त थाऱ्यावर नसते. मुंबईच्या रस्त्यांखालीही असेच एक जग आहे. पण मुंबई पाहून आलेल्यांच्याही नजरेला ते पडत नाही.

ते जग म्हणजे भूमिगत गटारे. घराघरांतले सांडपाणी आणि मैला त्यांतून वाहून जातो. गटार तुंबले की लोखंडी झाकण उघडून कुणाला तरी खाली उतरावे लागे. शहर स्वच्छ दिसे, पण ते स्वच्छ करणारा माणूस कुणाला दिसत नसे.

तो दाखवला आपल्या विदर्भातल्याच एका छायाचित्रकाराने. सुधारक ओलवे हे मूळचे अकोल्याचे. वृत्तपत्रासाठी छायाचित्रे काढता काढता ते मुंबई महापालिकेच्या सफाई कामगारांपर्यंत पोहोचले. गटारात, कचऱ्याच्या ढिगावर, कामगारांच्या घरात, कित्येक वर्षे ते कॅमेरा घेऊन फिरले. छायाचित्रे काळी-पांढरी, पण पाहणाऱ्याला खाली मान घालायला लावणारी. गळ्यापर्यंत घाणीत उभा असलेला तो माणूस कुणाचा तरी बाप, कुणाचा तरी धनी असतो. यातील बहुतेक कुटुंबे दलित समाजातली, आणि कित्येकांची मुळे आपल्यासारख्याच खेड्यांत आहेत. या छायाचित्रांचे पुस्तक २०१३ साली निघाले. २०१६ साली ओलवे यांना पद्मश्री मिळाली. पुण्यात नाट्यदिग्दर्शक अतुल पेठे यांनीही सफाई कामगारांच्या जगण्यावर ‘कचराकोंडी’ हा माहितीपट केला.

पुरेशा साधनांवाचून माणसाला गटारात उतरवण्यास २०१३ च्या कायद्याने बंदी घातली. गटारात मृत्यू आल्यास वारसांना तीस लाख रुपये द्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ साली सांगितले. तरीही असे मृत्यू थांबलेले नाहीत.

हे मृत्यू विषारी वायूने होतात. सडक्या अंड्यासारखा वास येणारा वायू जास्त साठला की नाकालाच बधिरता येते. वास थांबला म्हणून धोका टळला असे माणसाला वाटते, आणि तो कोसळतो.

शेतकरी बंधू-भगिनींनो, हा धोका आपल्याही दारात आहे. जुनी बंद विहीर, गोबरगॅसचा खड्डा, संडासाची टाकी, सगळीकडे असा वायू साठतो. विहिरीत इंजिन चालवले तर त्याचा धूरही जीवघेणा ठरतो. एक जण पडला म्हणून दुसरा धावतो, आणि एका घरातले दोघे-तिघे जातात. म्हणून पडलेल्याच्या मागे उडी घेऊ नका. वर थांबून मदत बोलवा. आणि पैशासाठी दुसऱ्याच्या पोराला अशा खड्ड्यात उतरवू नका. त्याच्याही घरी कुणीतरी वाट पाहत असते.